दुपारी दोनचं आमंत्रण

लग्न तनयाचं ठरलं, पण परीक्षा होती ती तिच्या आईची, पद्मजाबाईंची. मुलगा मिळाला, कार्यालय मिळालं, आचारी मिळाला. पुण्यात ओळख असली की एवढं मिळतंच. पण कुणाला बोलवायचं, आणि कुणाला असं बोलवायचं की ते येणार नाहीत, याला डोकं लागतं.

तनयाने तिच्या बाजूचं काम एका बटणात उरकलं. खराडीच्या ऑफिसात बसल्या बसल्या अख्ख्या मजल्याला मेल टाकून दिला. यातल्या कितींची नावं तुला ठाऊक आहेत, असं पद्मजाबाईंनी विचारलं, तर म्हणे आई, टीम आहे ती. पद्मजाबाई जन्मभर शाळेत मराठी शिकवत आलेल्या. त्यांनी मनातल्या मनात अर्थ लिहून टाकला : टीम, म्हणजे जेवून जाणारी आणि जाताना नमस्कारही न करणारी माणसं.

त्यांच्या स्वतःच्या बाजूनेही कुणी गळत नव्हतं म्हणा. कधीकाळी लक्ष्मी रस्त्यावर बंद पडलेल्या स्कूटरला ज्यांनी धक्का दिला होता, त्या दत्तोबांनासुद्धा पत्रिका गेली. अडलं होतं ते एकाच घराशी. धायरीच्या ललिताबाई, म्हणजे पद्मजाबाईंच्या थोरल्या जाऊबाई.

त्याचं असं झालं होतं. ललिताबाईंच्या केदारचं लग्न निघालं तेव्हा केदार नुकताच कॉम्प्युटर इंजिनियर झालेला. त्याने काकाकाकूंना आमंत्रण पाठवलं ते ई-मेलवर, आणि तेही तनयाच्या पत्त्यावर. तनयाने ते कोपऱ्यावरच्या सायबर कॅफेतून छापून आणलं. शाई संपत आलेली, त्यामुळे वरचा गणपती सोंडेपर्यंतच उमटला. एकाच गावातल्या सख्ख्या जावेला अर्धा गणपती. हळदीकुंकवाचं बोट काय पडद्याला लावलं होतं का, असं पद्मजाबाईंनी चार नातेवाइकांना विचारलं. चौघांनी ते ललिताबाईंना पोचवलं, नातेवाईक असतातच त्यासाठी. लग्नाच्या दिवशी पद्मजाबाईंनी घरी पिठलं केलं आणि तिथल्या जिलबीपेक्षा हे बरं, असं दिवसभर सांगत राहिल्या.

तेव्हापासून जावांचं बोलणं बंद. दोघींचे नवरे, म्हणजे श्यामसुंदरराव आणि त्यांचे थोरले बंधू श्रीधरराव, दर महिन्याला दाताच्या डॉक्टरकडे भेटायचे. दोघांत मिळून दात किती उरले होते ते पाहता तिथे उपचार कशावर चालायचे, देव जाणे. बायकांनी कधी विचारलं नाही.

तनया एकदाच म्हणाली, "काकू येणार ना?" आणि पुन्हा तो विषय तिने काढला नाही. तेच पद्मजाबाईंना लागलं. तेव्हा घर एकत्र आणि त्यांची शाळा सकाळची, त्यामुळे तनयाला न्हाऊमाखू घालून शाळेत धाडलं ते ललिताबाईंनी. वेण्या इतक्या करकचून घालायच्या की पोरीच्या भुवया कपाळावर चढायच्या. वर्गातल्या बाईंना वाटायचं, मुलगी किती जिज्ञासू आहे. तीन वर्षं तिला त्याबद्दल बक्षीस मिळालं.

त्यातच पद्मजाबाईंनी मानाची एक साडी आणली, जांभळी. त्यांच्या साऱ्या गोतावळ्यात जांभळा रंग एकाच बाईला आवडायचा. भटजींच्या बायकोसाठी घेतली, असं त्यांनी न विचारताच सांगितलं. श्यामसुंदररावांनी पेपरातून मान वर केली नाही.

शेवटी त्यांनी तोड काढली. जातीने जायचं, नवऱ्याला घेऊन, रीतीला धरून. फक्त जायचं दुपारी दोनला.

ललिताबाईंची दुपारची झोप म्हणजे काही ऐरीगैरी झोप नव्हे. पानशेत फुटलं तेव्हा त्या तीन वर्षांच्या, नारायण पेठेत. घरात पाणी शिरलं, खाट तरंगली, दारातून बाहेर पडली, ओंकारेश्वराला प्रदक्षिणा घालून पलीकडच्या गल्लीत एका जिन्याला टेकली. लोकांनी उचलून घेतलं तेव्हा या बाईने नुसती कूस बदलली. ही हकीगत सासूबाई डोळ्यांनी पाहिल्यासारखी सांगायच्या, आणि त्या तेव्हा मिरजेला होत्या, म्हणजे शंकेला जागाच नाही.

तेव्हा बेल वाजवायची, दार उघडणार नाही, पत्रिका फटीतून आत सरकवायची. आम्ही आलो होतो बाई, तुम्हीच झोपला होतात. आता यायचं की नाही ते तुमचं तुम्ही बघा. मान राहिला, रीत राहिली आणि साक्षीला नवरा होता.

धायरीला पोचल्यावर पद्मजाबाईंनी बेलवर करंगळी टेकवली. वाजली की नाही ते बेललाही कळलं नसेल.

दार लगेच उघडलं.

ललिताबाई समोर उभ्या. इस्त्रीची साडी, ताजा अंबाडा, डोळ्यांत झोपेचं नावही नाही. आतून श्रीधररावांचं घोरणं मात्र ऐकू येत होतं. टीपॉयवर पाण्याचे दोन पेले झाकून ठेवलेले. दोनच.

"ये," त्या म्हणाल्या. "आठ दिवस दुपारची जागी आहे मी. म्हटलं, ही दोनलाच येणार."

श्यामसुंदररावांनी बूट काढायला फार वेळ लावला.

"तनयाचा मेल आला होता मला," ललिताबाई पुढे म्हणाल्या, "तिच्या टीमबरोबर मलाही पाठवलाय तिने. पण म्हटलं, मेलवरच्या आमंत्रणाला कोण जातं?"

केदारच्या लग्नापासून जे ऐकायला पद्मजाबाईंचे कान आसुसले होते, ते हेच. आणि ते आलं तेही टोमणा घालून. माफी म्हणून यापेक्षा जास्त काही ललिताबाईंच्या तोंडून निघालं असतं, तर धरण पुन्हा फुटलं असतं.

पद्मजाबाईंनी पिशवीत हात घातला. पत्रिका निघाली. अक्षता निघाल्या. मग हात नुसताच आत फिरत राहिला. कारण हळदीकुंकवाचा करंडा त्यांनी आणलाच नव्हता. बंद दाराला काय कुंकू लावायचं होतं?

ललिताबाईंनी तो फिरणारा हात पाहिला. सगळं कळलं त्यांना. झोपेची बाई होती, पण डोळे उघडे असले की सुटका नसायची.

त्या देवघराशी गेल्या, स्वतःचाच करंडा घेऊन आल्या आणि पुढ्यात धरला. "घे. लाव. अर्धं आमंत्रण आपल्याकडे चालत नाही, तूच म्हणाली होतीस. चौघांनी सांगितलं मला."

पद्मजाबाईंनी चिमूट जरा मोठीच भरली. हळद लागली, कुंकू मात्र ललिताबाईंच्या नाकावर सांडलं. नाकावर कुंकू सांडलं म्हणजे नवऱ्याचं प्रेम भारी, असं म्हणतात. तेवढ्यात आतलं घोरणं आणखी वरच्या पट्टीत गेलं.

"ऐक, प्रेम," ललिताबाई म्हणाल्या, आणि मग पत्रिका उघडून, "मुहूर्त किती वाजताचा?"

"बारा पस्तीस, वहिनी."

"म्हणजे जेवणं दोनला. माझी झोप बुडवायचीच, हे ठरवलंयस तू."

"आठ दिवस बुडवलीत," पद्मजाबाई म्हणाल्या, "आणखी एक दिवस."

ललिताबाईंनी पदराने नाक पुसलं. पुसताना डोळेही पुसले, पण ते कुंकू उडालं म्हणून, असं त्यांनी स्वतःच सांगितलं.

"आदल्या दिवशीच येते मी," त्या म्हणाल्या. "त्या पोरीच्या वेण्या कोण घालणार? टीम?"