जागा धरणारी खुर्ची

मी खुर्ची बोलतेय. पुढाऱ्यांची नव्हे हो, साधी प्लास्टिकची, एक हात मोडलेली!

बालपण सांगण्यासारखं नाही. साच्यात ओतलं, गार केलं, झालं. खरं आयुष्य सुरू झालं ते मास्तरांकडे. हे निवृत्त पोस्टमास्तर. आमच्या गल्लीत गाड्या उदंड आणि जागा मोजून सात. मास्तरांची गाडी बाहेर गेली की त्या जागेवर मी ठाण मांडायचं. शेजारचा दंतवैद्य आशेनं बघायचा. मी ढिम्म!

पण पुढे पुढे मास्तर गाडी काढतील तर शपथ. "जागा गेली तर?" भाजीला पायी, लग्नाला बसनं. गाडी रोज पुसायची, सुरू करायची, बंद करायची.

अशात त्यांच्या बायकोचं, म्हणजे बाईंचं गाणं ठरलं. बासष्टाव्या वर्षी, पहिल्यांदाच लोकांपुढे. बाईंनी बजावलं, "गाडीनं न्या, नाहीतर बसा घरीच जागा राखत!"

मास्तर मला जागेवर मांडू लागले, तर बाईंनी मला उचलून डिकीत टाकलं. "ही इथे राहिली तर तुमचं अर्धं लक्ष इथेच."

सभागृहाभोवती मुंगीला शिरायला जागा नव्हती. बाई दारात उतरल्या आणि आम्ही चकरा मारत राहिलो. पाचव्या चकरेला बाहेरच्या कर्ण्यावर बाईंचं नाव पुकारलं. मास्तर अगदी रडकुंडीला आले. तेवढ्यात इस्त्रीच्या दुकानापुढे मोकळी जागा दिसली आणि तिच्यात एक खुर्ची!

मास्तरांनी कपाळावर हात मारला. उतरून म्हणाले, "दादा, माझी बायको गातेय हो. पहिल्यांदाच."

इस्त्रीवाल्यानं खुर्ची बाजूला केली. "मग लावा इथे आणि पळा की!"

आत खचाखच गर्दी. मास्तर उलट्या पावली गाडीकडे आले, मला डिकीतून काढलं आणि थेट सभागृहाच्या मधल्या वाटेत मांडून बसले. बाईंनी पाहिलं, हसल्या आणि असा सूर लावला म्हणून सांगू! मास्तर सगळ्यांदेखत खुशाल रडत होते. मला तर धन्य वाटलं.

परतलो तर जागेत दंतवैद्याची गाडी. "असू दे," मास्तर म्हणाले. तीन गल्ल्या पलीकडे गाडी लावून, मला दोघांत धरून, गुणगुणत घरी आले.

हल्ली बाई रियाज करतात तेव्हा मास्तर माझ्यावर बसतात. तुम्हाला विनंती एवढीच: रस्त्यात जागा धरून ताटकळलेली माझी एखादी बहीण दिसली, तर तिच्या मालकाला सांगा, हिला घरात ने आणि हिच्यावर बसून आपल्या माणसाचं गाणं ऐक.