मागच्या दाराचा डबा

निळ्या काचेचा तुकडा. मुठीत तो आधी खड्यासारखा लागला, उजेडात धरल्यावर कळलं की बांगडीचा आहे, नखाएवढा, कडा झिजून गुळगुळीत झालेल्या. चंद्रशेखरने ज्वारी पिशवीत सोडली आणि तुकडा तळहातावर ठेवून पाहत राहिला. त्याची बायको सुहासिनी निळ्या बांगड्या घालत नव्हती. बांगडीवाली दरवर्षी म्हणायची, "वैनी, यंदा तरी रंग बदला," आणि सुहासिनी हसून हात पुढे करायची, हिरव्याच भर म्हणायची... मग ही निळी कोणाची? आपल्या घरात, आपल्या स्वयंपाकघराच्या मागच्या दाराशी ठेवलेल्या पत्र्याच्या डब्यात कोणाचा हात शिरला होता?

डबा संपत आला होता. तळाशी कडुलिंबाचा वाळलेला पाला आणि दोन-तीन मुठी दाणे. दिवाळीच्या आधी ती गेली, पाहुणे गेले, मुलगा अनिकेतही पुण्याला परत गेला, आणि मग पीठ संपलं तेव्हा चंद्रशेखरने हा डबा उघडला, कारण तो समोर होता. धान्याची खरी कोठी आतल्या खोलीत होती, भरलेली, पण तिच्यावर सुहासिनीच्या लुगड्यांचं गाठोडं होतं. ते गाठोडं ती शेवटच्या आजारात स्वतः बांधून ठेवून गेली होती, आणि ते उचलायचं म्हणजे... डबा बरा होता. डब्यातून काढायचं, चक्कीवर न्यायचं, वाकडीतिकडी भाकरी थापायची. कधी भाकरी पांढरी व्हायची, कधी लालसर, कधी दळणात गव्हाचे दाणे निघायचे. तो समजायचा, आपलाच हात बसला नाही अजून. अनिकेत फोनवर म्हणायचा, "बाबा, खानावळीचा डबा लावून घ्या ना." चंद्रशेखर हो म्हणायचा आणि फोन ठेवायचा.

दारासमोरून एक रिकामी बैलबंडी खडखडत गेली. एरवी या दिवसांत बाभूळगावातून कापसाच्या गाड्या जायच्या तेव्हा गल्लीतल्या बाभळींना कापूस लटकून राहायचा, जणू झाडंच फुटली आहेत. सुहासिनी तो काट्यातून काढून वाती करायची. यंदा काटे नुसतेच होते. दुसरी वेचणी कोणाकडेच झाली नव्हती, भाव पडलेले, बाया बिनकामाच्या ओट्यांवर बसलेल्या, आणि बसस्टँडवर जो तो सरकारी मदतीच्या पॅकेजबद्दल बोलत होता... पॅकेज आलं, पॅकेज येऊन राह्यलं, पॅकेज कोणाले भेटलं.

तुकडा त्याने सदऱ्याच्या खिशात टाकला.

दुपारी मागची कडी वाजली.

"कोण?" तो पुढच्या खोलीतून ओरडला. सवयीने. महिनाभर हे चाललं होतं, दुपारच्या वेळी कडी वाजायची, तो ओरडायचा, आणि जाऊन पाहावं तर कोणी नसायचं. शेजारच्या प्रेमसिंगची बकरी असेल, वारा असेल. आज मात्र तो आधीच उठलेला होता. तो मागे पोचला तेव्हा दारात मागच्या गल्लीतली इंदुताई उभी होती, पदराखाली काहीतरी झाकून. तिचा नवरा देवराव दम्याने खाटेवर होता. ती कापूस वेचायला जायची.

"काय पाहिजे होतं, इंदुताई?"

"काही नाही भाऊजी. ताक मागाले आलती."

"ताक? माझ्याकडे कुठलं ताक?"

"हो ना," ती म्हणाली, "मी बी येडीच." आणि वळली. पदराखालची टोपली त्याला दिसली. अंगणाच्या मधोमध ती थांबली, परत आली, दारापासून दोन हात लांब उभी राहिली. "भाऊजी, एक सांगू? राग नोका मानू. तुमी ते कोण-कोण करनं बंद करा."

"म्हणजे?"

"वैनी विचारत नव्हत्या. कडी वाजली का त्या समोरच्या खोलीत जाऊन बसत. पाठ करून. मंग ज्याले लागलं तो डब्यातून काढे, ज्याच्याजवळ आलं तो डब्यात टाके. तुमी आवाज देता तं बाया पळून जातात. ती उकंडा बुढ्याची सून तं चप्पल टाकून पळाली होती."

"पण कोण आलं, हे कळायला नको?"

"कायले कळाले पाह्यजे?"

तहसिलीत तो निवृत्तीपर्यंत निराधार योजनेच्या टेबलावर होता. तिथे हेच काम — कळून घेणं. मुलगा आहे का? कमावतो का? शेत? भाऊ? म्हाताऱ्या म्हणायच्या, आहे बाबू, पण असून नाही. असून नाही असा रकाना नव्हता. त्याला तेव्हा ते चूक वाटलं नव्हतं, आताही वाटत नव्हतं. विचारलं नाही तर ज्याला खरंच कोणी नाही त्याच्या वाट्याचं दुसराच घेऊन जाईल... एकदा जेवताना सुहासिनीने विचारलं होतं, "तुमच्या टेबलावरूनही परत पाठवलं, तर माणूस मग कुठे जातो हो?" तो म्हणाला होता, "मग तो आमचा विषय नाही." ती उठून भाकरी उलटायला गेली. तेव्हा डबा होता का दाराशी? होता? आठवेना. आपण या घरात इतकी वर्षं जेवलो आणि पाठीमागे...

"डबा रिकामा आहे, इंदुताई," तो म्हणाला. "मी खाल्लं ते. मला माहीत नव्हतं."

वाटलं, ती रागवेल. तिने रागवावं असंही वाटलं.

"खाल्लं तं खाल्लं," ती म्हणाली. "ज्याच्या चुलीजवळ कोणी नाही त्याच्यासाठीच असते ते."

"अहो, मला पेन्शन आहे. मुलगा आहे."

"मले कायले सांगता? मी काय तुमच्यावानी टेबल मांडून बसली का?" ती हसली, आणि मग हसू आवरून म्हणाली, "येतो मी. ते उपाशी हायेत." तिच्या हातात लाल बांगड्या होत्या. निळी तिचीही नव्हती.

ती रिकामी गेली, हे त्याला ती कोपऱ्यावरून दिसेनाशी झाल्यावर उमगलं.

आतल्या खोलीत तो बराच वेळ गाठोड्यासमोर उभा राहिला. मग दोन्ही हातांनी ते उचललं. वाटलं होतं त्यापेक्षा हलकं निघालं, आणि हलकं निघालं म्हणूनच त्याला खाली बसावं लागलं. ते मांडीवर, त्याला कापराचा वास, गाठ तिच्या पद्धतीची, दोनदा मारलेली. तू मला का नाही सांगितलंस? मी विचारलं असतं म्हणून? नाव विचारलं असतं, नवरा काय करतो विचारलं असतं... विचारलंच असतं मी.

कोठी उघडून त्याने डबा काठोकाठ भरला, मागच्या दाराशी नेऊन ठेवला, दार लोटून घेतलं, कडी मोकळी सोडली. मग पुढच्या खोलीत येऊन रस्त्याकडे तोंड करून खुर्चीत बसला. इंदुताई परत येईल का? आपण भरला हे तिला कसं कळणार? जाऊन सांगावं तर तेही विचारल्यासारखंच. देवराव उपाशी असेल. की कुठून मिळालं असेल? कुठून मिळेल...

ऊन पायरीवरून उतरलं. कडी वाजली, किंवा वाऱ्याने हलली. घशात "को" आला, तो त्याने गिळला. पत्र्यावर दाणे सळसळले. काढल्याचा आवाज की टाकल्याचा, त्याला ओळखता येईना. बकरी असली तर? इंदुताई असली तर एक टोपली पुरे, पण दुसरंच कोणी असलं, गरज नसलेलं... मान वळायला लागली, ती त्याने दोन्ही हातांनी खुर्चीचे दांडे धरून थांबवली.

मग काही नाही. दार लोटल्यासारखं झालं.

आणि आपल्या घरात पीठ नाही हे त्याला तेव्हाच आठवलं. पिशवीतली ज्वारी जेमतेम, एक वेळचीही नाही. रात्रीसाठी उठावं लागणार होतं. कोठी अजून उघडीच होती, गाठोडं शेजारी जमिनीवर. डबा पलीकडे, दारात. दोन्हींत दाणे तेच. पण घ्यायचे कोणते... मी कोण, कोठीचा की डब्याचा? खिशातला काचेचा तुकडा त्याने बोटांनी चाचपला. उठायचं तर होतं. पण आत अजून कोणी असेल तर, म्हणून तो पाठ केलेलीच ठेवून बसला, आणि दिवा लावायची वेळ झाली तरी कान मागेच होते.