चूलबंद आवतन

सिहोऱ्यात लग्न निघालं की पोरीच्या बापाच्या आधी माझे पाय दुखायला लागतात. मी जागेश्वर, गावचा न्हावी. दाढ्या करणं हा माझा धंदा आणि लग्नाकार्याचं आवतन दारोदार सांगत फिरणं हे वडिलांपासून गळ्यात पडलेलं काम. धंद्यात एकच गिऱ्हाईक कुरकुरतं, आवतनात अख्खं गाव कुरकुरतं.

आमच्याकडे आवतनाचे दोन प्रकार. 'घरटी एक' म्हणजे घरातल्या एकानं जेवायला यावं, बाकीच्यांनी घरचं वरण ओरपावं. आणि 'चूलबंद' म्हणजे त्या दिवशी घरची चूल पेटवायचीच नाही, म्हाताऱ्यापासून तान्ह्यापर्यंत सगळ्यांनी पंगतीला यायचं. चूलबंद मिळालेला माणूस आठ दिवस छाती काढून चालतो आणि घरटी एकवाला मला रस्त्यात पाहून थुंकतो. या दोन शब्दांपायी सख्ख्या भावांचं बोलणं बंद झालेलं मी पाहिलं आहे. त्यातली दोन-तीन भांडणं माझ्याच जिभेनं लावली, पण तो विषय वेगळा.

त्र्याऐंशीच्या वैशाखात आनंदरावांच्या मुलीचं लग्न ठरलं. आनंदराव म्हणजे तीस एकर धानाचे धनी आणि मन मात्र मुंगीचं. यादी त्यांनी स्वतः केली, मुनिमावरही भरोसा ठेवला नाही. त्यात भय्याजींच्या नावापुढे लिहिलं होतं, घरटी एक.

मला त्यात काही वावगं दिसलं नाही. भय्याजींच्या घरात माणूसच एक. बायको जाऊन चार वर्षं झालेली. दोन्ही मुलं भिलाईला कारखान्यात, सुना आणि तीन नातवंडं तिकडेच क्वार्टरमध्ये. दोन दिवाळ्या कोणी फिरकलं नव्हतं. घरटी एक म्हणा की चूलबंद म्हणा, पत्रावळ एकच लागणार होती.

मी गेलो तेव्हा भय्याजी स्टोव्हला पंप मारत होते.

“भय्याजी, आनंदरावाकडलं आवतन हाये. घरटी एक.”

“मंग कोणाले धाडू?”

“कोणाले म्हणजे? तुमीच या ना जी.”

“मी आलो त घरी कोण जेवन?”

“घरी कोणीच नाही ना.”

“मंग घरटी एक कसं म्हणतं तू? घरटी एक म्हणजे एक जाते अन् बाकीचे घरी रायते. माह्या घरातला एक गेला का घर खाली. हे त चूलबंदच झालं. जाय, सांग आनंदरावाले. भय्याजीले चूलबंद पायजे, नाही त मी येत नाही.”

वीस वर्षं मी आवतनं सांगत होतो, पण असा हिशेब कोणी मांडला नव्हता. माणूस वाकडं बोलला असता तर भांडता आलं असतं. हा तर मुद्द्याचं बोलत होता.

आनंदराव खाटेवर दात कोरत पडले होते. ऐकून उठून बसले.

“त्याच्या घरी चूल तरी हाये का गा? पोरानं स्टो घेऊन देल्ला. आता बंद काय करन, स्टो?” मग आवाज खाली आणून म्हणाले, “अन् मी चूलबंद म्हणलं, न् त्यानं भिलाईवून सात मुंडके आणले त? घरटी एक म्हणजे घरटी एक. त्याले सांग, नसन येत त नको येऊ.”

हे दोघं आपापल्या घरी बसून अडले आणि उन्हात चपला झिजल्या माझ्या. स्टोव्हचा मुद्दा मी भय्याजींना जसाच्या तसा पोचवला. ते स्टोव्हकडे पाहत राहिले.

दोन दिवसांनी त्यांनी दाढीला बोलावलं. अंगणात पाहतो तर शेजारची धुरपता कोपरापर्यंत चिखलात. नवी चूल घालत होती, तीही दोन तोंडांची, लग्नघरात असते तेवढी.

“एका माणसाले एवढी चूल, भय्याजी?”

“आठ जणाइचा चहा स्टोवर ठेवला त दुपार होते,” ते म्हणाले आणि पाटावर येऊन बसले.

गालाला साबण लावल्यावर माणूस खरं बोलतो, हा माझा अनुभव आहे. तोंड फेसानं झाकलेलं असतं म्हणून असेल.

“पोराइले म्हणलं दिवाळीले या, त सुटी नाही. होळीले म्हणलं, त लेकराइची परीक्षा. बाप बोलावते त पोरगा कारण सांगते. पण गावानं अख्ख्या घराले चूलबंद बोलावलं, न् कोणी नाही आलं, त घराण्याचं नाक कटते. मंग त्याईले याच लागन. म्हणून पायजे मले चूलबंद. आनंदरावाच्या बुंदीसाठी नाही.”

मी वस्तरा परजत राहिलो.

“आठ-आठ रोज मी कोणासंग बोलत नाही, जागेश्वर. सकारी उठून स्टोसंग बोलतो. तो बी भडकते.”

हातात वस्तरा असताना डोळ्यांत पाणी आणू नये, गिऱ्हाईकाचा कान जातो. मी नाक ओढलं आणि तोंडातून निघून गेलं, “सांगायचंच रायलं जी. आनंदराव मानले. चूलबंद हाये तुमाले.”

इतकं स्वच्छ खोटं मी लग्न जमवतानाही कधी बोललो नव्हतो. भय्याजी अर्ध्या दाढीनं उठले आणि घरात जाऊन आंतरदेशीय पत्र घेऊन आले. उरलेली अर्धी दाढी त्यांनी पत्र लिहून झाल्यावर करू दिली.

पत्र टाकून ते गप्प बसते तर निभावलं असतं. पण त्यांनी पानठेल्यावर सांगितलं, आटाचक्कीवर सांगितलं, तुमसरहून आलेल्या बांगडीवाल्यालाही सांगितलं. म्हातारा चार वर्षांत पहिल्यांदा गावात फिरत होता आणि ज्याला त्याला थांबवून एकच गोष्ट ऐकवत होता. तिसऱ्या दिवशी आनंदरावांनी मला बोलावून घेतलं.

“तुले औंदा धान पायजे का नाही?”

वर्षभराच्या हजामतीचं धान आम्हाला शेतकऱ्याच्या खळ्यावरून मिळतं. आनंदरावांचं खळं सगळ्यात मोठं. गावभर झालेलं आवतन त्यांना आता मागं घेता येत नव्हतं, पण भिलाईची माणसं मांडवात दिसली तर त्या खळ्यावर पाय ठेवायचा नाही, असं त्यांनी मला बजावलं.

त्या दिवसापासून मी मारुतीपुढे उभा राहून काय मागत होतो, ते मारुतीलाच ठाऊक. सकाळी म्हणायचो, म्हाताऱ्याची पोरं येऊ दे बाबा. संध्याकाळी बायकोनं धानाची कोठी झटकली की म्हणायचो, नको येऊ दे. देव जर खरंच ऐकत असेल तर माझ्या नावानं त्यानं कपाळ बडवून घेतलं असेल.

लग्नाच्या दिवशी मी यष्टीच्या थांब्यावर जाऊन उभा राहिलो. तुमसरची शेवटची गाडी दिवस कलताना आली. एक बकऱ्यांचा व्यापारी उतरला, दोन बाया उतरल्या, एक पत्र्याची पेटी उतरली. भिलाईचं कोणी नव्हतं. कंडक्टरला विचारलं तर तो म्हणाला, गाडी खाली झाली, आता काय टायर उतरवू का. मला आधी हायसं वाटलं. मग स्वतःची इतकी लाज वाटली की मी मांडवाकडे मागच्या गल्लीनं गेलो.

मांडवात पंगत बसली होती, पण एकाचाही हात चालत नव्हता. आमच्या पंगतीत शेवटच्या पानावर वाढून होऊन, सगळे बसून, 'हर हर महादेव' म्हटल्याशिवाय घास उचलत नाहीत. साठ-सत्तर माणसं बुंदीकडे पाहत लाळ गिळत होती. रांगेच्या टोकाला भय्याजी बसले होते. पांढरंफेक धोतर, कडक टोपी, आणि त्यांच्या शेजारी सात पत्रावळी. साती वाढलेल्या. प्रत्येक पत्रावळीवर वाऱ्यानं उडू नये म्हणून खडा ठेवलेला.

“भिलाईचे येऊन रायले,” ते वाढप्यांना सांगत होते. “गाडी लेट हाये. थांबा जरा.”

मी त्यांच्याजवळ उकिडवा बसलो आणि कानात म्हटलं, “भय्याजी, यष्टी आली. कोणी नाही उतरलं.”

“मले मालूम हाये.” त्यांनी बंडीच्या खिशातून घडी घातलेलं पत्र काढलं. “परवाच आलं हे. वाच.”

मोठ्या मुलाचं अक्षर होतं. तीर्थरूप बाबांस साष्टांग नमस्कार. आवतनाचं वाचून आनंद झाला. आम्हां दोघांनाही सुटी मिळणं कठीण आहे. तरी तुम्ही जाऊन यावं. तुम्ही गेलात म्हणजे आपलं घरच गेल्यासारखं आहे. उन्हात फिरू नये. स्टोव्हचं वायसर बदलून घ्यावं.

“पाह्यलं?” भय्याजी हळूच म्हणाले. “माह्या पोरानं बी मले घरटी एकच सांगतलं.”

मी पत्राची घडी करून परत दिली आणि भलतंच विचारलं. “मंग ह्या सात पत्रावळी कायले मांडल्या जी?”

“मांडतानी वाटलं, एखांदा येईनच.”

तेवढ्यात पंगतीतून ओरड सुरू झाली आणि आनंदराव लगबगीनं आले. रिकाम्या जागा पाहून त्यांचा चेहरा खुलला.

“काय भय्याजी, कुठं हाये तुमची चूल? एवढं गाव गोळा करून चूलबंद मांगतली, न् आले एकटेच?”

दोघं-तिघं हसले. भय्याजींनी मान खाली घातली आणि पत्रावळीवरचा खडा उगाच इकडचा तिकडे केला.

राग मला नेहमी उशिरा येतो, पण आला की समोर धनी कोण ते विचारत नाही. मांडवामागे माझी बायको बेबीबाई सकाळपासून भांडी घासत होती, आमची तीन लेकरं तिच्याभोवती खेळत होती. हजारो आवतनं मी या पायांनी वाटली. माझ्या दारात येऊन 'जेवायला या' म्हणणारा गावात कोणी निघाला नाही. सगळ्यांचं झालं की उरलंसुरलं गंजात घेऊन घरी जायचं, एवढंच आमचं लग्न. मी तिला आणि लेकरांना हाक मारली. बायांची पंगत मागून असते म्हणून बेबीबाई लाजत होती. मी तिला दंडाला धरून आणली आणि आम्ही पाच जण पाच पत्रावळींवर बसलो.

“हे काय गा, जागेश्वर?” आनंदराव म्हणाले. “हे कोण बसवले?”

मी तोंड उघडायच्या आत भय्याजी बोलले. “माह्या घरचे हायेत. भिलाईवून आले.”

बेबीबाईनं या गावातली अर्धी पोरं तान्ही असताना तेल लावून चोळलेली. तिला न ओळखणारा मांडवात एकही नव्हता. पण बुंदी सुकत चालली होती आणि भूक मोठी होती.

“अन् हे दोन?” आनंदरावांनी राहिलेल्या पत्रावळींकडे बोट दाखवलं.

“त्याईची सेकंड शिफ्ट हाये,” भय्याजी म्हणाले.

मागून कोणीतरी वैतागून 'हर हर महादेव' म्हटलं आणि सत्तर हात एकदम भातात गेले. आनंदराव तोंड उघडं ठेवून उभे राहिले. त्यांच्या खळ्यावरचं धान मला त्या वर्षी मिळालं नाही, पुढल्या वर्षीही नाही.

भय्याजी घास घेत आणि आमच्याकडे पाहत, परत घास घेत. माझी धाकटी त्यांना खेटून बसली होती. तिनं बुंदी संपवली, बोटं चाटली आणि वाढप्याकडे टकमक पाहू लागली. वाढपी ओळखीचा, न्हाव्याची पोर पाहून तो पुढे निघाला.

भय्याजींनी त्याचं धोतर धरलं.

“वाढ गा तिले,” ते म्हणाले. “लय लंबून आली हाये पोरगी.”