ब्रेक कोणी मारला

गाडी शिकवणाऱ्याने कोणाच्याही शब्दावर विसंबायचं नसतं, असं वहिनींचं ठाम मत होतं. शिकणारा म्हणतो आरसा पाहिला, आणि त्याने पाहिलेला नसतो. म्हणतो क्लच सोडला, आणि पाय तिथेच चिकटलेला असतो. वर्षानुवर्षं शेजारच्या सीटवर बसून, आपल्या बाजूच्या जादा ब्रेकवर पाय तयार ठेवून, संशय वहिनींच्या हाडीमाशी मुरला होता. घरी दूध उतू गेलं तरी त्या गॅस बंद करायच्या आधी विचारत, स्वयंपाकघरातून शेवटचं कोण बाहेर आलं.

गाडी शिकवायची ही शाळा दोघींची होती, त्यांची आणि त्यांच्या नणंदेची. नणंदेला सगळे बिट्टी म्हणत. लहानपणी पडलेलं नाव केस पिकायला लागले तरी सुटलं नव्हतं. तिचं लग्न झालं नव्हतं, ती भावाकडेच राहायची, आणि तिच्या तोंडचं 'वहिनी' ऐकून ऐकून शिकायला येणारेही वहिनीच म्हणू लागले होते. गाडी मात्र एकच. सकाळी वहिनी नवशिक्यांना मोकळ्या मैदानावर नेत आणि वळणं, रिव्हर्स, दोन डब्यांच्या मधे गाडी लावणं असलं सगळं घोटून घेत. थोडाफार हात बसला की तो माणूस दुपारी बिट्टीच्या ताब्यात जाई. ती त्याला रस्त्यावर काढायची.

त्या दिवसांत वहिनींकडे एक शिवणकाम करणाऱ्या बाई यायच्या. त्यांच्या नवऱ्याची नजर अधू होत चालली होती आणि दारातली गाडी नुसती धूळ खात उभी होती, म्हणून बाईंनी या वयात स्टिअरिंग हातात घेतलं होतं. बोलणं मोजकं, हात सावध. वहिनींना त्या मनातून आवडायच्या, पण तसं दाखवायची त्यांची पद्धत नव्हती.

एका सकाळी बाईंनी मैदानाच्या फाटकातून गाडी बाहेर काढली, डावीकडे पूर्ण वळवली, चाक सरळ केलं आणि जरा वेग दिला. तोच खालून घर्र असा आवाज आला, गाडीने एका बाजूला हिसका दिला आणि कोणीतरी ब्रेक दाबावा तशी ती अडखळली. गाडी जागीच थांबली. इंजिन बंद पडलं. बाईंनी मान वळवून वहिनींच्या पायाकडे पाहिलं.

"मी नाही," वहिनी म्हणाल्या. "तुमचाच पाय पडला असेल."

बाईंनी आपल्या पायाकडे पाहिलं, तो ॲक्सिलरेटरवर होता. दुसऱ्या दिवशी त्याच जागी तेच झालं. वहिनींनी नवशिक्याला पाय कुठे जातो ते कळत नाही, यावर छोटंसं व्याख्यान दिलं. तिसऱ्या खेपेला मात्र बाईंनी गाडी कडेला घेतली, हँडब्रेक ओढला, पट्टा सोडला आणि शांतपणे सांगितलं की एखाद्याचा धीर खचवला की तो जास्त दिवस शिकायला येतो, हे न कळण्याइतक्या त्या भोळ्या नाहीत. वहिनींचं डोकं फिरलं. खोटं बोलायचं तर निदान पचेल असं बोला, असं त्या म्हणून बसल्या. बाई उतरल्या, पर्स खांद्याला लावली आणि चालत घरी गेल्या.

वहिनी तशाच बसून राहिल्या. आधी राग आला, मग रागाच्या खालून दुसरंच काही वर यायला लागलं. आपला पाय ब्रेकवर नव्हता, हे त्यांना पक्कं माहीत होतं. बाईंचा पाय ॲक्सिलरेटरवर होता, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिलं होतं. मग ब्रेक मारला कोणी?

घरी येऊन त्यांनी बिट्टीला सहज विचारल्यासारखं विचारलं, गाडी तुझ्याकडे कशी चालते. बिट्टी म्हणाली, अगदी लोण्यासारखी. उत्तर इतकं चटकन आलं की वहिनींच्या मनात पाल चुकचुकली. लोण्यासारखी म्हणजे काय? सकाळी जी गाडी हिसके देते ती दुपारी लोणी कशी होते? एकतर बिट्टीला गाडी कळत नाही, नाहीतर ती काहीतरी दडवते आहे. आणि बिट्टीला गाडी चांगली कळते.

मग त्यांनी गाडी पाहायला घेतली. चाकांवर फुटपाथला घासल्याच्या खुणा शोधल्या, बंपरखाली हात घालून पाहिला, सीटखालची धूळसुद्धा पाहिली. कुठे काही नाही. पण ड्रायव्हरच्या सीटवर बसून चाकं सरळ केली तेव्हा स्टिअरिंग किंचित तिरकं दिसलं, आणि त्याच्या मागच्या काळ्या झाकणावर एक बारीक ओरखडा होता, स्क्रूड्रायव्हर घसरल्यासारखा. वहिनींनी त्यावर बोट फिरवलं. हा ओरखडा त्यांच्या ओळखीचा नव्हता.

रात्रीच्या जेवणाला त्यांनी बिट्टीला सरळच विचारलं, गाडी कुठे आपटलीस का. "नाही, वहिनी. गाडी कुठेही आपटलेली नाही," ती म्हणाली, आणि वाळत घातलेले कपडे काढायला उठली. वहिनींच्या नवऱ्याने ताटातून मान वर केली नाही. दोन्ही गोष्टी वहिनींनी मनात नोंदवून ठेवल्या. विचारलं तेवढ्याचंच उत्तर देणारा माणूस न विचारलेलं काहीतरी राखून असतो, असा त्यांचा अनुभव होता.

पुढच्या दुपारी बाजारात सोडायचं निमित्त काढून त्या बिट्टीच्या गाडीत मागे बसल्या. पुढे एक चष्मेवाला शिकाऊ घामाघूम होऊन चालवत होता. मोठे रस्ते, लांबट वळणं, गाडी कुठे हूं की चूं करेना. आपण बसलोय म्हणून मुद्दाम सोपा रस्ता घेतला, असं वहिनींना वाटलं. बिट्टीने मागे वळून विचारलं, बाजार तर गेला की मागे, उतरायचं नव्हतं का.

अखेर त्यांनी गाडी मेकॅनिककडे नेली. हा त्यांचा नेहमीचा मेकॅनिक, घरच्यासारखा, पण बिट्टी त्याला दादा म्हणायची म्हणून वहिनींनी त्यालाही संशयाच्या यादीत घातला. त्याने गाडी चौकापर्यंत नेऊन आणली आणि काही नाही म्हणून सांगितलं. मग वहिनींच्या जादा ब्रेकवर त्याचं लक्ष गेलं. ती तार मधेच अडकत असणार, असं त्याने छातीठोकपणे सांगितलं आणि अर्धी सकाळ गाडीखाली घालवली. तार चांगली होती. बाहेर येऊन हात पुसत त्याने अडखळत सुचवलं की कधीकधी शिकवणाऱ्याचाही पाय नकळत पडतो. वहिनींनी त्याच्याकडे असं पाहिलं की त्याने ते वाक्य तिथेच सोडून दिलं.

"तू सरळ रस्त्याने गेलास आणि सरळ आलास," त्या म्हणाल्या. "माझ्याबरोबर मैदानावर चल."

मेकॅनिकने स्टिअरिंगखालच्या सॉकेटला गाडीतले बिघाड दाखवणारं आपलं स्कॅनर जोडलं आणि ते मांडीवर घेऊन तो वहिनींच्या नेहमीच्या जागी बसला. वहिनींनी गाडी फाटकातून काढली, डावीकडे शेवटपर्यंत वळवली, सरळ केली, वेग दिला. घर्र. हिसका. समोर घसरणाऱ्या गाडीचं चित्र असलेला पिवळा दिवा लागला. मेकॅनिक गाडी थांबवा, गाडी थांबवा म्हणत पडद्यावर वाकला.

त्याने जे दाखवलं ते वहिनींना लगेच कळलं. स्टिअरिंगच्या मागे एक सेन्सर असतो. चाक किती वळवलंय ते तो गाडीला सांगतो. आत्ता चाक सरळ होतं, पण पडद्यावरचा आकडा डाव्या वळणावरच अडकून बसला होता. म्हणजे ड्रायव्हर अजून वळतोय अशी गाडीची समजूत, आणि गाडी तर सरळ चाललीय. तिला वाटलं आपण घसरतोय. म्हणून सावरायला तिने स्वतःच एका चाकाला ब्रेक लावला. गाडी बंद करून चालू केली की आकडा पुन्हा जागेवर, दिवा गायब; आणि आधीच्या खेपांना दोघींचे डोळे पायांकडेच होते. मैदानातल्या वळणांना वेग नसायचा, आणि दुपारच्या मोठ्या रस्त्यांवर चाक कधी शेवटपर्यंत वळतच नव्हतं. बिट्टीची गाडी लोण्यासारखीच चालत होती, यात खोटं काही नव्हतं.

हे कळून वहिनींना खरं तर हायसं वाटायला हवं होतं. पण त्या ओरखड्याचं काय?

गॅरेजमध्ये परत येऊन मेकॅनिकने पुढची चाकं सरळ केली, बॅटरीची तार काढली आणि एअरबॅगमधली वीज उतरेपर्यंत चहा प्यायला. मग एअरबॅग सोडवली, स्टिअरिंगच्या मधला नट काढला आणि ते दोन्ही हातांनी हलवत हलवत ओढून घेतलं. मागे घड्याळाच्या स्प्रिंगसारखी गुंडाळलेली पट्टी होती. तिच्यातून हॉर्नच्या आणि एअरबॅगच्या तारा जातात, आणि सेन्सरही त्याच डबीत बसवलेला असतो. मेकॅनिकने ती फिरवून पाहिली, आणि त्याच्या भुवया वर गेल्या. पट्टी मधोमध धरून बसवायची असते, ही एक वेढा चुकवून बसवली होती. त्यामुळे दरवेळी डावीकडे शेवटपर्यंत वळवलं की तिला ताण बसायचा. ताण बसून बसून डबीला चीर गेली होती.

"हे आधी कोणीतरी उघडलंय," तो म्हणाला. "मी नाही."

वहिनींना एकदम विजय झाल्यासारखं वाटलं, आणि तसं वाटल्याचं त्यांना जरा विचित्रही वाटलं.

घरी बिट्टी भाजी निवडत बसली होती आणि नवरा औषधाच्या दुकानातून नुकताच आला होता. वहिनींनी पिशवीतून ती तडकलेली डबी काढून टेबलावर ठेवली आणि हे कोणी उघडलं होतं एवढंच विचारलं. बिट्टीने डबीकडे पाहिलं नाही. तिने भावाकडे पाहिलं.

भाऊ खुर्चीत बसला. त्याने सगळं सांगितलं, आणि सांगताना तो बायकोकडे न बघता त्या डबीकडेच बघत होता. एका शिकाऊची परीक्षा दुसऱ्या दिवशी सकाळी होती आणि हॉर्न वाजेना. हॉर्न नसलेली गाडी परीक्षक परीक्षेला घेत नाही. मेकॅनिकचं गॅरेज बंद होतं, म्हणून बिट्टीने रस्त्याकडेच्या एका वायरमनकडून स्टिअरिंग उघडून हॉर्न करून घेतला. त्याच संध्याकाळी ती हे वहिनींना सांगणार होती. भावानेच तिला थांबवलं. हॉर्न वाजतोय ना, मग कशाला घरात कोर्ट भरवायचं, असं तो तिला म्हणाला होता.

"मी आपटलीस का म्हणून विचारलं तेव्हा तरी सांगायचं," वहिनी बिट्टीला म्हणाल्या. "तेव्हा तर समोरच होतीस."

बिट्टीने हातातली शेंग खाली ठेवली. "वहिनी, तुम्ही ऐकायला विचारत नाही. पकडायला विचारता. माणूस चुकला नसला तरी तुमच्यापुढे चुकल्यासारखाच उभा राहतो."

खरं सांगायचं तर वहिनींच्या मनात पहिला विचार आला तो हा, की हे दोघे अजून काय काय लपवत असतील. तो विचार पूर्ण व्हायच्या आतच त्यांना स्वतःचा कंटाळा आला. मग आठवल्या त्या शिवणकामवाल्या बाई, खांद्याला पर्स लावून रस्त्याच्या कडेने जाणाऱ्या. त्यांचं काहीच चुकलं नव्हतं, आणि आपण त्यांना तोंडावर खोटं ठरवलं होतं.

नवी डबी आली तेव्हा वहिनी बिट्टीला बरोबर घेऊन गॅरेजमध्ये गेल्या. मेकॅनिकने पट्टी मधोमध धरून बसवली, स्टिअरिंग या वेळी तिरकं न ठेवता सरळ बसवलं, बाकीचं होतं तसं जोडलं, बॅटरी लावली आणि चाक सरळ धरून स्कॅनरवरून सेन्सरला सरळ म्हणजे काय ते नव्याने शिकवलं. मग दोघींनी पाळीपाळीने डावीकडे, उजवीकडे शेवटपर्यंत वळवून पाहिलं. आकडा दरवेळी मुकाट्याने शून्यावर येत होता. बिट्टीने हॉर्नही वाजवून पाहिला आणि दोघी हसल्या, जरा सावधपणेच.

मग वहिनी एकट्याच बाईंच्या घरी गेल्या. दार अर्धंच उघडलं. मागे मशीनवर एक अर्धवट बाही लटकत होती. वहिनींनी सेन्सरचं सगळं समजावून सांगितलं. बाईंनी ते ऐकलं, पण चेहऱ्यावर काही उमटलं नाही.

"गाडीचं कळलं," त्या म्हणाल्या. "मला खोटी म्हणालात, त्याचं काय?"

"ते माझं चुकलं. तुमचा पाय कुठे होता ते मी पाहिलं होतं. तरी म्हणाले."

बाईंनी गळ्यातली टेप काढून मशीनवर ठेवली आणि चपला घातल्या. मैदानावर त्यांनी गाडी फाटकातून काढली, डावीकडे वळवली, सरळ केली. त्या जागी आल्यावर त्यांचे खांदे आवळले, वेग आपोआप कमी झाला. काहीच झालं नाही. गाडी पुढे जात राहिली. त्यांनी आणखी एक फेरी मारली, मग आणखी एक, आणि मग गाडी नीट कडेला लावून सांगितलं की गाडी आता बरी आहे, पण त्यांना पुढचं बिट्टीताईंकडे शिकायचं आहे.

वहिनींना ते लागलं. पण त्या बरं म्हणाल्या आणि घरी येऊन तो निरोप बिट्टीला जसाच्या तसा दिला, आपल्या बाजूचं एकही वाक्य न जोडता.

काही दिवसांनी बिट्टी संध्याकाळी घरी आली ती दारातच थांबली. चष्मेवाल्याने गाडी आत घेताना डावा आरसा एका फाटकाला घासला, रंग थोडा गेलाय, काच शाबूत आहे, असं तिने आपणहून एका दमात सांगितलं. कुठे, कसं, तेव्हा तुझं लक्ष कुठे होतं, हे सगळे प्रश्न वहिनींच्या जिभेवर रांग लावून उभे राहिले. त्यांनी बरं म्हटलं आणि ताटं घ्यायला सांगितलं. आरसा बघायला त्या खाली गेल्याच नाहीत, निदान जेवणं होईपर्यंत तरी.