जाते मी

सिनेमा पंधरा मिनिटांचा, पण त्यातलं एक वाक्य काही केल्या पुढे सरकेना. घर सोडून निघालेल्या बायकोने दारात थांबून "जाते मी" म्हणायचं, एवढंच होतं. आणि नटी दर वेळी म्हणत होती, "येते मी."

ही नटी म्हणजे दिग्दर्शकाची एकेकाळची बायको. बोलावल्यावर तिने आढेवेढे घेतले नव्हते. खोलीही त्यांचीच जुनी, दोन दिवसांसाठी मागून घेतलेली. खिडकीतला कट्टा दोघांना अपुरा पडायचा, म्हणून ती त्याला खेटून बसून चहा प्यायची. पुढे खुर्च्या आल्या आणि खेटणं गेलं, असं त्याचं ठाम मत होतं.

"उजेड माझ्या ओळखीचा नाही, थांब म्हटलं की थांबायला," कॅमेरेवाले मामा पुटपुटले.

"जीभच वळत नाही रे," ती म्हणाली. "घरातून निघताना जाते म्हणतं का कुणी? तू लिहिलंस तरी कसं?"

त्याला राहवलं नाही. "तू खरी गेलीस तेव्हाही येते म्हणालीस. अन् मी खुळा, कितीतरी दिवस कडी न लावता झोपलो. एकदा तुझ्या तोंडून जाते ऐकू दे, घाईबाई. म्हणजे सुटलो."

ते लाडाचं नाव ऐकून तिचा चेहरा उतरला.

"ती नुसती बोलायची रीत होती," ती हळू म्हणाली. "मला वाटलं, तुला कळेल."

कॅमेरा सुरू झाला. तिने बॅग उचलली, दारात वळून त्याच्याकडे पाहिलं आणि स्वच्छ आवाजात म्हणाली, "जाते मी."

याच शब्दांसाठी त्याचा जीव इतकी वर्षं टांगणीला लागला होता. आणि संसारात रोज निघायचं तसं त्याच्या तोंडून निघून गेलं, "ये."

जिन्यात तिची पावलं थांबली. आवाजवाल्याने हेडफोन काढले.

"सर, टेक वाया गेला. मागून कुणीतरी ये म्हणालं."

"मीच म्हणालो."

"पुन्हा घेताय का?" जिन्यातून तिने विचारलं.

"नको," तो दाराशी येत म्हणाला. "आहे तसंच राहू दे. जा तू."

ती उतरून रस्त्याला लागेपर्यंत तो ऐकत राहिला. मग त्याने दार लोटलं आणि आतून कडी घातली.