खोलीच्या शांततेचं चित्र

ओदीलला मराठी येत नव्हतं, आणि त्यामुळे कामात काही अडतं असं तिला वाटत नव्हतं. पॅरिसमध्ये तीस वर्षं चित्रपटांचं संकलन केल्यावर ती सिंगापुरातल्या तोआ पायोहमधल्या एका कचेरीत जहाजांवरच्या अपघातांचा माहितीपट जोडत होती. माणूस खरं कुठे बोलतो ते पापण्यांवरून कळतं, असं ती म्हणे. मी पदार्थविज्ञान शिकवते. अशा विधानांना पुरावा मागते. इथे माझ्याकडे मराठी मुलाखतींच्या वेळी हजर राहण्याचं आणि नंतर त्यांचं भाषांतर तपासण्याचं काम होतं.

मुलाखत निवृत्त चीफ इंजिनिअर शामकांतकाकांची होती. इंजिनरूमला आग लागल्यावर त्यांनी दारं बंद करून आग विझवणारा गॅस सोडला होता, आणि आत राहिलेला शिकाऊ इंजिनिअर वरुण गेला. सगळे बाहेर आल्याचं त्यांना चुकीचं कळवलं गेलं होतं; चौकशीत ते निर्दोष ठरले.

पडद्यावर प्रश्न आला: वरुण आत आहे हे तुम्हाला माहीत होतं? काका गप्प. नजर खाली. बराच वेळ गेला, आणि मग, "नाही."

"ते असे थांबले नव्हते," मी म्हणाले.

"चेहरा त्यांचाच आहे. शब्दही," ओदील म्हणाली.

मग मला ते दृश्य ओळखू आलं. मुलाखत संपल्यावर ध्वनिमुद्रकाने खोलीच्या नुसत्या शांततेचा आवाज घेतला होता. संकलनात आवाजातल्या फटी बुजवायला तो लागतो. "काका, जरा हलू नका, बोलूही नका," असं मीच सांगितलं होतं. कॅमेरा चालू राहिला होता, आणि तोच तुकडा ओदीलने 'नाही'च्या आधी जोडला होता.

ओदीलने तो तुकडा पुन्हा पाहिला. "सगळ्या मुलाखतीत हीच एक जागा मला खरी वाटली होती," ती म्हणाली, आणि तिने लगेच निर्मात्याला फोन लावला. अंतिम प्रत वाहिनीकडे गेली होती. आता फक्त पडद्याखालची भाषांतराची अक्षरं बदलता येणार होती.

"मग खाली लिही," ओदील मला म्हणाली.

"काय लिहू? हे गृहस्थ सांगितल्यावरून गप्प बसले आहेत?"

निर्मात्याने तेही नाकारलं. एकही शब्द खोटा नव्हता, आणि भाषांतर मीच बरोबर ठरवलं होतं.

प्रसारणाच्या संध्याकाळी मी बुकित पंजांगला काकांकडे गेले. त्यांना सगळं आधीच सांगितलं होतं. ती जागा आली तशा आशालताकाकू उसळल्या. "अहो, तुम्ही ताडकन 'नाही' म्हणाला होतात! स्वयंपाकघरात ऐकू आलं मला."

"तुला आलं गं. वरुणची आई रत्नागिरीत हे बघत बसली असेल."

त्यांनी रिमोटने चित्र मागे नेलं. पुन्हा नेलं. मग ते पडद्याजवळ खुर्ची ओढून बसले.

"सुलेखा, तेव्हा तो माझ्या मनात असेल का गं?"

"काका, मुलाखत संपली होती. तुम्ही चहा कधी मिळणार म्हणून विचारत होतात."

"ते खरं. पण बघ ना याच्याकडे," स्वतःच्या चेहऱ्याकडे बोट दाखवत ते म्हणाले. "याला माहीत होतं असंच वाटतंय."

काकूंनी रिमोट काढून घ्यायचा प्रयत्न केला. त्यांनी तो सोडला नाही. चित्र पुन्हा मागे गेलं.