भट्टीत आटतं ते

दात अंगठ्याच्या नखावर उभा राहिला, क्षणभर डुलला आणि मग तोल सावरून तसाच राहिला. वरच्या जबड्यातला, समोरचा, डावीकडचा... अजून त्याला दात म्हणावं असं काही नव्हतंच. भुकटीचं ओलं ढेकूळ नुसतं, आणि मापापेक्षा चांगलंच मोठं. नवख्या माणसाला वाटावं, हिचा हात चुकला. तिचा हात चुकत नाही. पोर्सिलेन भट्टीत आटतं, जवळजवळ पाचवा हिस्सा आटतं, म्हणून आधीच तेवढं वाढवून घडवायचं — हे तिला आता आठवावं लागत नाही, ब्रशलाच ठाऊक असतं. ही दाताची कॅप ज्या बाईच्या तोंडात बसणार ती तिनं कधी पाहिली नाही, पाहणारही नाही. पण त्या बाईच्या शेजारच्या दाताची निळसर, काचेसारखी कड, आणि मुळाकडे उतरत गेलेला पिवळेपणा — चहाचा नव्हे, वयाचा — एवढं डॉक्टरांनी पाठवलेल्या फोटोत दिसलं आणि तिचं काम झालं. रंग जुळवायची शेडची पट्टी तिनं खणातून काढलीसुद्धा नाही. बाकीचे काढतात, दाताला लावून लावून बघतात, तिरपी मान करतात. करोत बापडे.

दात बनवायच्या या लॅबमध्ये तिला सगळे धाकटी म्हणतात. सत्तेचाळिसावं लागलं तरी धाकटी, कारण ती कामाला लागली तेव्हा शेजारच्या टेबलावर थोरली होती, आणि दोघी एकाच खिडकीच्या उजेडात बसत म्हणून मालकांनी थट्टेत पाडलेली नावं चिकटली ती चिकटलीच. थोरली गेल्या वर्षी नोकरी सोडून गेली. घरातल्या घरात, एका टेबलावर, स्वतःचं काम सुरू केलं तिनं, आणि आता ते टेबल तिला पुरेना. सकाळी बसथांब्यावर उभी असताना तिचा फोन आला होता.

"अगं धाकटे, जागा मिळाली. उत्तरेची खिडकी आहे, दिवसभर सारखा उजेड. निम्मी तुझी, निम्मी माझी. पहिलं वर्ष-दीड वर्ष हातात काही पडायचं नाही, हे आत्ताच सांगते, मागाहून म्हणशील थोरलीनं गळ्यात मारलं. आज संध्याकाळी जागेवाल्याला आगाऊ भाडं द्यायचंय. तू येत नसशील तर मी दुसरी बघते. रागावणार नाही मी... पण बघते."

"संध्याकाळी सांगते," ती म्हणाली होती. पण उत्तर तिच्याकडे तेव्हाच तयार होतं, अगदी घडी घालून ठेवल्यासारखं. चार वर्षं थांब. चार वर्षांनी घर फिटतं. मग हप्ता नाही, मग वर्ष-दीड वर्ष हातात काही पडलं नाही तरी कुणाचं काही अडत नाही, मग ती येईल आणि तिच्या हातासारखा हात थोरलीला गावात दुसरा मिळायचा नाही, त्यामुळे थोरली थांबेलच... थांबायलाच हवं. नवऱ्यालाही हे आधीच पटलं होतं. तो शाळेत भूगोल शिकवतो, ती त्याला घरीही मास्तरच म्हणते. मास्तर म्हणाले होते, "चार वर्षं काय, डोळा लवतो तोवर जातील." ज्याच्या विषयात डोंगर उभा राहायला कोट्यवधी वर्षं लागतात, त्यानं चार वर्षांना भ्यावं तरी कशाला.

तिनं ब्रश पाण्यात बुडवला, टोक काढलं. पहिला थर मघाशीच भाजून झाला होता — धातू झाकणारा, दाट, मेलेल्या रंगाचा थर. तो कुणालाच दिसत नाही. पण तो नसला तर आतला धातू करडा होऊन वर डोकावतो, म्हणून तो द्यायचाच, मुकाट्यानं. रंग त्यानंतरचा.

एका गोष्टीचा तिला जरा अभिमानच होता, का नसावा? वीस वर्षांचं कर्ज, आणि आजवरच्या सोळा वर्षांत एकही हप्ता चुकलेला नाही. मध्ये व्याजाचे दर वाढले तेव्हा लॅबमध्ये सगळ्यांची तोंडं उतरली होती. समोरच्या टेबलावरच्या, धातूची कामं करणाऱ्या गृहस्थाचा हप्ता एका झटक्यात वाढला आणि त्यानं स्कूटर विकली. तिचा हप्ता मात्र होता तेवढाच राहिला. पगारातून तेवढेच पैसे कापले गेले, पुढच्या महिन्यात तेवढेच, आणि ती त्या गृहस्थाला म्हणाली होती, "अहो, आमची बँक बरी दिसतेय तुमच्यापेक्षा." त्या रविवारी तिनं आणि मास्तरांनी जिन्याशेजारच्या खोलीला नवा पंखा बसवला होता, सुटलो बाबा एकदाचे म्हणून. घर पाहावं बांधून म्हणतात. आम्ही पाहिलं आणि निभावलंही, असं त्या पंख्याकडे बघत दोघांना वाटलं होतं.

कॅप भट्टीत ठेवून ती जेवणाच्या सुट्टीत बँकेत गेली. तसं जायची गरज नव्हती. पण थोरलीला मोघम बोललेलं खपत नाही. चार वर्षं म्हणजे नेमका कुठला महिना, ते कळलं की तारीख सांगता येईल, आणि तारीख सांगितली की माणूस थांबतं. काउंटरमागे एक तरुण मुलगी होती, तिनं खाते क्रमांक टाकला, मग चष्मा वर केला.

"चार वर्षं आणि वर किती महिने, एवढंच बघायचं होतं," ती म्हणाली.

"अकरा, मॅडम."

"चार वर्षं अकरा महिने? मला वाटलं, दोन-तीन असतील."

"नाही नाही. अकरा वर्षं." मुलीनं पडदा तिच्याकडे वळवला, जसा रोज कुणाकुणाकडे वळवत असेल. "मध्ये दर वाढले ना? हप्ता तोच ठेवला की मुदत वाढते. आपोआप होतं ते. तुम्हाला मेसेज आला असेल."

"मला कुणी विचारलं नाही."

"विचारत नाहीत, मॅडम. हप्ता वाढला की लोक भांडायला येतात. मुदत वाढली की कुणी येत नाही." हे तिनं टोचून म्हटलं नाही, हवा दमट आहे म्हणावं तसं म्हटलं. मग समोरच्या बाईचा चेहरा पाहून असेल, आवाज उतरवून म्हणाली, "त्यातून सुरुवातीची वर्षं सगळं व्याजातच जातं. मुद्दल हलतच नाही. सगळं धरून घराच्या किमतीच्या अडीचपट होईल तुमचं... मीही घेतलंय गेल्या वर्षी. मी नाही बघत माझं."

"बघा," ती म्हणाली. "आजच बघा."

आणि बाहेर आली. रस्ता होता तिथेच होता. किल्ल्या बनवणारा किल्ली घासत होता, त्या आवाजानं तिचे दात शिवशिवले. तिला वाटलं, आपल्याला आता रडू यायला हवं. तसं काही झालं नाही. डोकं उलट फार स्वच्छ चालत होतं. अडीचपट. म्हणजे एका घरात आपण राहतो आणि वर आणखी दीड घराचे पैसे देतो ते कुणाच्या घराचे? कुठेतरी ते दुसरं घर उभं असणार... तिनं ते बघायचं ठरवलं, चालता चालता, आणि ते तिला दिसलंही. त्या घरात ती परदेशी कोर्सला गेलेली होती, तिच्या तिशीत, ज्याला तिचं नाव मालकांनी स्वतः सुचवलं होतं आणि ती म्हणाली होती, इतक्यात नको, हप्ता आहे. त्या घरात बहिणीकडे महिनाभर राहून आलेली माणसं होती. त्या घरात त्यांच्या एकुलत्या मुलीच्या पाठचं एक भावंड होतं — पुढच्या वर्षी बघू, असं मास्तर म्हणाले, मग ती म्हणाली, मग दोघांनीही म्हणायचं सोडलं. ते मला हवं होतं. कुणालाही कधी सांगितलं नाही, पण मला हवं होतं ते. आणि एवढ्या सगळ्याला व्याज म्हणायचं हे मला आज कळतंय, सत्तेचाळिसाव्या वर्षी, किल्लीवाल्याच्या दुकानासमोर.

चूक तिला लॅबच्या पायऱ्या चढताना उमगली, आणि तिला चक्क हसू आलं. मापाची चूक. जी बाई नखाएवढा दातसुद्धा आटण्याचा हिशेब धरून वाढवून घडवते, तिनं स्वतःची वीस वर्षं मात्र नेमकी वीस धरली. एकसुद्धा वाढवून धरलं नाही. भट्टीत घातली आणि समजली, जेवढी घातली तेवढीच बाहेर येणार. काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरं काय.

दुपारी कॅप बाहेर काढली. आटून बरोब्बर बसली होती, साच्याच्या कडेशी केसाचं अंतर नाही. तिनं ती खिडकीशी नेली. कडेची निळसर छटा होती तिथे, हवी तेवढीच. हा निळा फार थोड्यांना दिसतो. थोरली म्हणते, वय व्हायला लागलं की आधी निळा जातो. डोळ्यातलं भिंग पिवळं पडतं, माणसाला कळतही नाही, तो आपला मजेत पिवळे दात बनवत राहतो आणि डॉक्टर कामं परत पाठवत राहतात. थोरलीचं हे बोलणं तिनं नेहमी थट्टेवारी नेलं होतं. आता तिनं सरळ हिशेब केला. अकरा वर्षांनी अठ्ठावन्न. घर फिटेल तेव्हा हा निळा माझ्याकडे असेल? कदाचित असेल. कदाचित... चार वर्षं थांबायला माणूस तयार होतो, ओठ मिटून, पाण्याखाली श्वास धरावा तसा. अकरा वर्षं श्वास कोण धरतं? तेवढी वर्षं माणूस थांबत नसतो, ती त्याची वर्षंच असतात.

पण हेही खरं होतं की हप्ता उद्याही कापला जाणार. मास्तरांच्या एकट्याच्या पगारात हप्ता भरून खाली उरतं ते दोन माणसांना जेमतेम, आणि मुलगी अजून शिकतेय. थोरलीच्या खिडकीत कितीही उजेड असला तरी त्यानं हप्ता भरला जात नाही. तिनं स्वतःला फसवलं नाही. फसवायचा तिचा स्वभावच नव्हता. तिनं कॅप डबीत ठेवली, डबीवर डॉक्टरांचं नाव लिहिलं, टेबल पुसलं. हात स्थिर होते. ते तिनं मुद्दाम पाहिलं.

घरी आली तेव्हा मास्तर बैठकीच्या खिडकीशी स्टुलावर उभे राहून चौकटीचा जुना रंग खरवडत होते. दर वर्षी खरवडतात, दर वर्षी रंगवतात, आणि लाकूड खालून कुजलेलं आहे हे दोघांना माहीत असतं. जमिनीवर त्यांनी जुन्या उत्तरपत्रिका पसरल्या होत्या. त्यावर रंगाच्या खपल्या पडत होत्या.

"थोरलीचा फोन येऊन गेला," ते वळून न बघता म्हणाले. "परत करते म्हणाली. तू कळवलं नाहीस का तिला, चार वर्षं म्हणून?"

"चार नाहीत. अकरा आहेत."

खरवडण्याचा आवाज थांबला. तिनं सगळं सांगितलं, उभ्या उभ्याच, पिशवीही खाली न ठेवता. मुदत, मेसेज, अडीचपट. मुलीच्या पाठच्या भावंडाचं तेवढं सांगितलं नाही. मास्तर ऐकत होते. मध्ये एकदा त्यांनी बोटानं हवेत काहीतरी मोजलं आणि मोजायचं सोडून दिलं. ते घाबरले आहेत हे तिला कळलं, कारण घाबरले की ते कानाची पाळी ओढतात. तिला त्यांची दया आली आणि रागही आला, दोन्ही एकदम, आणि दोन्ही खरे होते.

"म्हणजे मी एकसष्ट," ते शेवटी म्हणाले.

"हो."

ते स्टुलावरून उतरले. चौकटीच्या खालच्या कोपऱ्यात त्यांनी अंगठा दाबला. लाकूड आत गेलं, ओल्या पावासारखं. अंगठा काढला तेव्हा तिथे खळी पडली होती.

"मी म्हणत होतो, फिटलं की पहिलं काम ही चौकट बदलायची," ते म्हणाले. "अकरा वर्षं काही निघायची नाहीत हिच्यानं. आत्ताच बदलू या."

ते फक्त चौकटीबद्दल बोलत होते. सुतार कोण, लाकूड कुठलं, असं पुढे काहीतरी म्हणालेही. पण ती ऐकत नव्हती... किंवा ऐकत होती ते निराळंच. आत्ताच. या घरात आत्ताच हा शब्द इतक्या वर्षांत कुणी उच्चारला होता का? इथे सगळं फिटलं की होणार होतं. फिटलं की चौकट, फिटलं की बहिणीकडे, फिटलं की मी.

फोन वाजला. तो टेबलावर होता, मास्तरांच्या हाताशी. त्यांनी नाव वाचलं, तिच्याकडे पाहिलं आणि फोनला हात लावला नाही. त्यांच्या नजरेत प्रश्न होता, आणि कदाचित भीतीही.

"घेते मी," ती म्हणाली. पिशवी खाली ठेवली. बोटांना अजून पोर्सिलेनची बारीक भुकटी होती, ती तिनं ओढणीला पुसली. हो म्हणायचं की नाही हे तिला खरंच ठाऊक नव्हतं. हप्ता होता, मुलगी होती, अंगठ्यानं पडलेली ती खळी होती. सकाळी घडी घालून ठेवलेलं वाक्य मात्र तिनं सवयीनं चाचपून पाहिलं — चार वर्षं थांब — पडलेल्या दाताच्या जागी जीभ पुन्हा पुन्हा जाते तसं. तिथे आता काही नव्हतं. दुखतही नव्हतं.